पुरसीस देऊन काढून घेतलेला अर्ज पुन्हा देता येतो का?

आपल्या भागीदारी फर्मने कोल्हापूरच्या शिवाजी उद्यमनगरातील एका कारखानदाराला पुरविलेल्या मालाचे अडीच लाख रुपये येणे आहेत, त्या वसुलीच्या दाव्यात निकालापूर्वीच्या जप्तीसाठी दिलेला अर्ज वकिलांनी पुरसीस, म्हणजे न्यायालयाला द्यायचे लेखी निवेदन, देऊन काढून घेतला, आणि आता दावाही काढून नव्याने दाखल करू असे ते म्हणतात, असे आपण लिहिले आहे. मी कसबा बावड्याच्या न्यायसंकुलात दिवाणी वकिली करतो. अर्ज काढून घेण्याची मला धास्ती वाटत नाही. दावा काढून घेण्याची मात्र वाटते.

अर्जाचा निर्णय गुणदोषांवर झालेला नसल्यामुळे दुसरा अर्ज देण्यास सरळ अडसर नाही. मात्र मधल्या काळात नवे काय घडले, हे न्यायालय विचारणारच. प्रतिवादीने यंत्रे विकायला काढली किंवा जागेचे साठेखत केले, असे काही तारखेनिशी प्रतिज्ञापत्रावर सांगता आले, तरच दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३८, नियम ५ खालील अर्जाला वजन येते. नुसती ‘पैसे बुडतील’ ही भीती पुरत नाही.

दाव्याची गोष्ट निराळी आहे. उमेदवारीच्या काळात एका दुकानदाराच्या दाव्यात मी स्वतः पुरसीस लिहिली होती : ‘वादीस सदरचा दावा चालविणे नाही, सबब निकाली काढणेत यावा.’ त्यात ‘नव्याने दाखल करण्याची परवानगी’ हे चार शब्द राहून गेले. पुढच्या दाव्यात समोरच्या वकिलांनी त्याच पुरसीसची सहीशिक्क्याची नक्कल हजर केली आणि आदेश २३, नियम १ वर बोट ठेवले. परवानगीविना दावा सोडला, तर त्याच विषयावर पुन्हा दावा आणता येत नाही, असे तो नियम सांगतो. दुकानदाराचे येणे तिथेच बुडाले.

म्हणून परवानगीची मागणी लेखी अर्जातच हवी, आणि ती न मिळाल्यास दावा आहे तसा पुढे चालवावा, ही पर्यायी विनंतीही त्याच अर्जात असावी. परवानगीसाठी दाव्यातील तांत्रिक दोष किंवा तसेच सबळ कारण दाखवावे लागते. पुरावा कमी पडला, हे कारण सहसा चालत नाही. आपल्या बाबतीत फर्म नोंदणीकृत आहे का, हे आधी पाहा. १९३२ च्या भागीदारी कायद्याच्या कलम ६९ मुळे नोंदणी नसलेल्या फर्मला करारावरून तिऱ्हाइताविरुद्ध दावा आणता येत नाही, आणि दाव्यानंतर केलेल्या नोंदणीने तो दोष भरून निघत नाही. दोष हाच असेल, तर दावा काढण्याचा सल्ला योग्य आहे. केवळ रक्कम किंवा तपशील चुकला असेल, तर आदेश ६, नियम १७ प्रमाणे दुरुस्ती मागावी. त्यासाठी दावा सोडणे म्हणजे उंदरासाठी घर जाळणे होय.

परवानगी मिळाली तरी मुदत थांबत नाही, आणि पक्षकार सर्वाधिक फसतात ते इथेच. आदेश २३, नियम २ प्रमाणे नव्या दाव्याची मुदत जणू पहिला दावा कधी झालाच नव्हता असे धरून मोजली जाते. मालाच्या किमतीसाठी ३ वर्षे मिळतात : उधारीची मुदत ठरली नसेल तर माल पोचविल्यापासून, ठरली असेल तर ती संपल्यापासून. जून २०२२ चे बिल असेल आणि पहिला दावा २०२४ मध्ये मुदतीत केला असेल, तरी आज तो काढून नवा करणे बहुधा आत्मघातकी ठरेल; अपवाद एवढाच, की ती ३ वर्षे संपण्यापूर्वी प्रतिवादीने सहीनिशी येणे कबूल केले असेल किंवा काही रक्कम भरून तशी लेखी नोंद केली असेल. पहिल्या दाव्यात गेलेला काळ मुदतीतून वगळण्याची मुदत कायद्याच्या कलम १४ ची सवलत मुख्यतः अधिकारक्षेत्राच्या दोषासाठी आहे. तिच्या भरवशावर दावा सोडू नये.

हुकूमनाम्यानंतरच्या दरखास्तीला, म्हणजे त्याच्या अंमलबजावणीच्या अर्जाला, आदेश २३ लागू नाही, त्यामुळे ती काढून १२ वर्षांच्या आत पुन्हा देता येते. परवानगी नाकारणाऱ्या आदेशाला आव्हान द्यायचे झाले, तर ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरातच आहे; त्यासाठी मुंबई गाठावी लागत नाही.

पुढच्या तारखेपूर्वी जप्तीच्या अर्जाखालील आदेशाची नक्कल, फर्मच्या नोंदणीचा उतारा आणि शेवटच्या बिलाची तारीख हातात घेऊन वकिलांसमोर बसा, आणि नव्या दाव्याची मुदत ते कोणत्या तारखेपासून मोजतात, हे त्यांच्याकडून कागदावर लिहून घ्या.