कॉलेजमध्ये गोलकीपर आणि पुढे शाळेच्या हॉकी संघाचा कोच, असं कुणाचं उदाहरण आहे का?

आहे की, विलार्ड इकोला. हॉकी अर्थात बर्फावरची, आपली मैदानी नव्हे. अमेरिकेतल्या मिनेसोटा राज्यात एव्हलेथ नावाचं लोखंडाच्या खाणींचं छोटं गाव आहे, तिथला हा पोरगा. शाळेत असतानाच गोलमध्ये उभं राहून राज्य स्पर्धा जिंकल्या. मग मिशिगन विद्यापीठ, तिथे 1952 आणि 1953 ची राष्ट्रीय कॉलेज विजेतेपदं. 1956 च्या कोर्टिना हिवाळी ऑलिंपिकमध्ये अमेरिकेने कॅनडाला हरवून रौप्यपदक मिळवलं, त्या संघातही तो होता.

खरी कमाई मात्र पुढची. 1958 मध्ये मिनियापोलिसजवळच्या एडाइना इथल्या हायस्कूलचा संघ हाती घेतला आणि 1991 पर्यंत सोडला नाही. 33 वर्षांत 600 हून जास्त सामने जिंकले आणि 8 राज्य विजेतेपदं! चौकड्यांची टोपी ही त्याची ओळखच झाली होती. मला विचाराल तर कोच व्हायला गोलकीपरच बरा, कारण संपूर्ण खेळ समोरून बघायची सवय त्यालाच असते.

1990 मध्ये अमेरिकन हॉकीच्या हॉल ऑफ फेममध्ये त्याची निवड झाली. तो हॉलही एव्हलेथमध्येच आहे.