गाणी लिहिणारा आणि बनवणारा मॅक्स मार्टिन स्टेजवर दिसत नाही, मग पॉप संगीतात त्याचं एवढं नाव कसं?

सुरुवात त्याने स्टेजवरच केली होती. स्वीडनमधल्या ‘इट्स अलाइव्ह’ या मेटल बँडचा तो गायक. स्टॉकहोममधला संगीत निर्माता डेनिझ पॉपने त्याच्यातला चाल बांधणारा हेरला आणि हाताशी धरून शिकवलं. १९९८ मध्ये डेनिझ कॅन्सरने गेला, फार लवकर. त्याच वर्षी मार्टिनचं ‘बेबी वन मोअर टाइम’ आलं. टीएलसी या अमेरिकन गायिकांच्या ग्रुपने नाकारलेलं हे गाणं सोळा वर्षांच्या ब्रिटनी स्पिअर्सने गायलं. सुरुवातीचे पियानोचे तीन ठोके नीट ऐका, गाणं तिथेच ओळखू येतं! मार्टिनची खरी ताकद मला इथे वाटते: आधी चाल, मग तिच्या मापाने शब्द. पुढे केटी पेरी, टेलर स्विफ्ट, द वीकेंड या गायकांसाठीही त्याने गाणी केली. २०१६ चा पोलार संगीत पुरस्कार हा स्वीडनमधला मानाचा पुरस्कारही त्याला मिळाला.