पंचवीस लाखांचे बावन्न लाख : घरकर्जावर वाचकांचे प्रश्न

या वेळच्या पत्रांत घरकर्जाचे प्रश्न सर्वांत जास्त आहेत, म्हणून सगळी जागा त्यांनाच दिली आहे. खालची गणिते मासिक घटत्या शिलकीवरची आहेत, म्हणजे व्याज दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावरच धरले आहे. आकडे रुपयापर्यंत दिले असले तरी तुमच्या बँकेच्या तक्त्यात चार-दोन रुपयांचा फरक पडू शकतो.

प्रश्न : रत्नागिरीत नाचणे भागात फ्लॅट घेतोय. २५ लाखांचे कर्ज, व्याज ८.५ टक्के. बँकेतला माणूस म्हणतो ३० वर्षांची मुदत घ्या, हप्ता हलका होतो. घ्यावी का?

हप्ता हलका होतो, पण किती ते आधी पाहा. २० वर्षांच्या मुदतीला हप्ता २१,६९६ रुपये बसतो, ३० वर्षांच्या मुदतीला १९,२२३. दरमहा वाचले २,४७३. आता हप्ता गुणिले महिने करा. २० वर्षांत तुम्ही एकूण ५२ लाख ७ हजार भरता, ३० वर्षांत ६९ लाख २० हजार. म्हणजे महिन्याला अडीच हजाराच्या सवलतीसाठी १७ लाखांहून जास्त व्याज मोजायचे. उलट १५ वर्षे घेतलीत तर हप्ता २४,६१९ होतो आणि एकूण भरणा ४४ लाख ३१ हजारांवर येतो. महिन्याला २,९२३ रुपये जास्त निघाले, तर पावणेआठ लाख वाचतात.

असे का होते, ते पहिल्या महिन्याच्या उताऱ्यावर दिसते. २५ लाखांवर एका महिन्याचे व्याज १७,७०८ रुपये. तुमच्या २१,६९६ च्या हप्त्यातून ते आधी वळते होते, आणि मुद्दलाकडे जातात फक्त ३,९८८. पहिल्या वर्षात तुम्ही २ लाख ६० हजार भरता, कर्ज कमी होते ४९,७५६ रुपयांनी. पाच वर्षे हप्ता न चुकवता १३ लाख भरले, तरी २२ लाख ३ हजार शिल्लक असतात. निम्मे मुद्दल फिटते ते १६६व्या हप्त्याला, म्हणजे चौदावे वर्ष संपत आल्यावर. यात बँकेची लबाडी नाही, घटत्या शिलकीचे गणितच असे चालते. पण चौथ्या-पाचव्या वर्षी फ्लॅट विकायचा विचार असेल, तर ‘इतके भरले, आता थोडेच राहिले असेल’ हा अंदाज साफ चुकतो.

एक गोष्ट मात्र खरी. पंधरा वर्षांनंतरचे २१ हजार आजच्या २१ हजारांइतके जड नसतील. पगार वाढतो, हप्ता तोच राहतो. म्हणून पोटाला चिमटा काढून १५ वर्षांची मुदत घ्या असे आम्ही म्हणणार नाही. २० वर्षांची घ्या आणि जमेल तेव्हा मुद्दलात जादा भरा. ते कसे, हे पुढच्या उत्तरात आहे.

हप्त्याबाहेरचे पैसेही आधी जमवा. कर्जाची रक्कम ३० लाखांपर्यंत असेल तर रिझर्व्ह बँकेच्या नियमाने घराच्या किमतीच्या जास्तीत जास्त ९० टक्के कर्ज मिळू शकते, आणि घर १० लाखांहून महाग असेल तर त्या किमतीत मुद्रांक शुल्क व नोंदणी धरत नाहीत. ते खिशातूनच जाते. गहाणाच्या दस्तावरचे मुद्रांक शुल्क, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, प्रोसेसिंग फी वेगळी. आणि किनाऱ्यावरच्या इमारतीची देखभाल घाटावरच्यापेक्षा लवकर येते. खाऱ्या वाऱ्याने खिडक्यांची ग्रील गंजते, गच्चीला चार-पाच पावसाळ्यांनी वॉटरप्रूफिंग लागते, स्लॅबमधली सळई फुगली की प्लास्टर सुटते. सोसायटीची वर्गणी आणि हे खर्च हप्त्याच्या शेजारी लिहूनच महिन्याचा ताळेबंद करा.

करसवलतीवर फार विसंबू नका. स्वतः राहण्याच्या घरासाठी वर्षाला २ लाखांपर्यंतच्या व्याजाची वजावट फक्त जुन्या करप्रणालीत मिळते. नव्या प्रणालीत ती नाही.

प्रश्न : नवरा कणकवलीत नोकरीला, देवगडात आमची थोडी कलमे आहेत. अगदी असेच २५ लाखांचे कर्ज आमचे सुरू आहे. दर वर्षी आंब्याची पट्टी (विक्रीचे पैसे) आली की ५० हजार बाजूला काढता येतात. ते कर्जात भरावेत का? बँक म्हणते हप्ता कमी करून देऊ.

जरूर भरा, पण हप्ता कमी करून घेऊ नका. हप्ता २१,६९६ च ठेवून दर वर्षी ५० हजार मुद्दलात भरलेत, तर २४० महिन्यांचे कर्ज १६८ महिन्यांत संपते. सहा वर्षे गेली. जादा भरणा तेरा वेळा, साडेसहा लाखांचा, आणि व्याज वाचते सव्वानऊ लाखांच्या आसपास. हप्ता कमी करून घेतलात तर मुदत २० वर्षेच राहते आणि यातला मोठा हिस्सा हातचा जातो.

जितके लवकर तितके बरे, हे इथे अक्षरशः खरे आहे. एकच लाख पहिल्या वर्षाअखेर भरले तर शेवटचे एकवीस हप्ते जातात आणि साधारण ३ लाख ६५ हजार व्याज वाचते. तेच लाख पंधराव्या वर्षाअखेर भरले तर जेमतेम ५० हजार. म्हणून आधीच्या वर्षांतली पट्टी मोलाची.

बदलत्या व्याजदराच्या वैयक्तिक घरकर्जावर आगाऊ भरण्याचा दंड लावता येत नाही. कोणी मागितला तर तो कोणत्या कलमाखाली, हे लेखी विचारा. भरताना चार गोष्टी सांभाळा. नुसते कर्जखात्यात पैसे टाकू नका, ते पुढच्या हप्त्यांपोटी जमा धरले जाऊ शकतात. शाखेत अर्ज द्या : ‘ही रक्कम मुद्दलात जमा करावी, हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी.’ अर्जाच्या प्रतीवर पोच घ्या. आठवड्याभरात खातेउतारा काढून शिलकी मुद्दल ५० हजारांनी उतरले का आणि उरलेल्या हप्त्यांचा आकडा बदलला का, हे दोन्ही पाहा.

फक्त सगळी पट्टी कर्जात ओतू नका. मोहोर करपला, अवकाळी झाला, तुडतुडे लागले तर ते वर्ष कोरडे जाते. सहा हप्त्यांएवढी रक्कम, म्हणजे तुमच्या बाबतीत १ लाख ३० हजार, आधी बचत खात्यात किंवा मोडता येणाऱ्या ठेवीत साठवा. मगच जादा भरणा सुरू करा.

प्रश्न : चिपळूणला २०२२च्या सुरुवातीला २५ लाखांचे कर्ज २० वर्षांसाठी घेतले, तेव्हा व्याज ६.७५ टक्के आणि हप्ता १९,००९. मध्यंतरी दर सव्वानऊवर गेला तरी हप्ता वाढला नाही म्हणून आम्ही निश्चिंत होतो. आता कोणी म्हणते मुदत वाढली असेल. खरे का?

बहुतेक खरे. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो दर, ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. ऑक्टोबर २०१९ नंतर बँकांनी बदलत्या दराने दिलेली नवी घरकर्जे बाहेरच्या दराशी, बहुधा रेपोशी, बांधलेली आहेत आणि तीन महिन्यांतून किमान एकदा त्यांचा दर बदलतो. त्यामुळे अडीच टक्के थेट तुमच्या खात्यावर आले.

तुमचे गणित मांडून पाहू. एक वर्षाने शिल्लक २४ लाख ३८ हजार ७७० धरली, तर ९.२५ टक्क्यांनी महिन्याचे व्याज होते १८,७९९. हप्ता १९,००९. मुद्दलाकडे गेले २१० रुपये! हाच हप्ता चालू ठेवला तर कर्ज फिटायला आणखी ४९ वर्षे लागतील. मूळ मुदतीत फेडायचे असते तर हप्ता २२,७५० च्या घरात न्यायला हवा होता.

असे प्रकार फार झाले म्हणून रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये नियम घातला. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडे थोडे, हे निवडण्याचा हक्क कर्जदाराचा आहे. मुदत वाढल्याने मुद्दलच फुगू लागेल, असे चालत नाही. दर तिमाहीला बँकेने आतापर्यंत वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्ता, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर असलेले विवरण द्यायचे आहे. ते ईमेलमध्ये पडून असेल, नाहीतर ॲपवर मिळेल. त्यातली एकच ओळ आधी वाचा : उरलेले हप्ते किती. घरी निवृत्तीची तारीख ठाऊक असतेच, तिच्याशी ताडून पाहा.

२०२५ मध्ये रेपो ६.५ वरून ५.२५ वर उतरला. त्यामुळे तुमचा दरही खाली आला असायला हवा. उतरलेल्या दराबरोबर हप्ता कमी करून मागू नका, उलट जमेल तेवढा वाढवा आणि हरवलेली वर्षे परत मिळवा. कर्ज बँकेऐवजी गृहवित्त कंपनीचे असेल तर रेपोशी बांधणी सक्तीची नाही. कंपनी आपल्या दराने चालते आणि जुन्या ग्राहकाला नवा दर आपोआप मिळतोच असे नाही. तिथे नव्या ग्राहकांचा दर विचारा आणि फी भरून तो मिळतो का, ते पाहा.

प्रश्न : अलिबागेत २२ लाख शिल्लक, १५ वर्षे बाकी, दर ९.२५. दुसरी बँक ८ टक्क्यांनी कर्ज घ्यायला तयार आहे, हप्ता चार हजारांनी कमी होईल म्हणते.

चार हजार हा आकडा ऐकला की थांबा. १५ वर्षेच ठेवली तर हप्ता २२,६४२ वरून २१,०२४ होतो, म्हणजे सोळाशेच रुपये कमी. चार हजार कमी होतो याचा अर्थ तुम्हाला पुन्हा २० वर्षांवर नेले जात आहे : हप्ता १८,४०२. एकूण भरणा आज ४० लाख ७६ हजार राहिला आहे, तिकडे तो ४४ लाख १६ हजार होईल. दर सव्वा टक्क्याने कमी, आणि भरायचे तीन लाख चाळीस हजार जास्त.

१५ वर्षांच्याच मुदतीवर मात्र २ लाख ९१ हजार वाचतात. त्यातून नवी प्रोसेसिंग फी, मूल्यांकन, वकील, गहाणावरचे मुद्रांक शुल्क वजा करा. तरीही बरेच उरेल, बदला. पण आधी हे मंजुरीपत्र सध्याच्या बँकेला दाखवा. पुष्कळदा तीच दर उतरवते आणि सगळी धावपळ वाचते.

प्रश्न : गुहागरच्या घरासाठी २५ लाख मंजूर झाले, पण त्यातूनच ७५ हजारांचा विमा आणि १५ हजार फी कापणार आहेत. विमा सक्तीचा आहे का?

त्याच कंपनीचा, तोही कर्जातून, असा घेण्याची सक्ती नाही. ७५ हजार कर्जात मिसळले की २० वर्षांत त्यांचे १ लाख ५६ हजार होतात. शिवाय हातात २४ लाख १० हजार येतात आणि हप्ता मात्र २५ लाखांचा. कागदावरचे ८.५ टक्के प्रत्यक्षात ९ टक्क्यांना पडतात.

हा खरा दर तुम्हाला आयता बघायला मिळतो. ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक घरकर्जाबरोबर की फॅक्ट स्टेटमेंट, म्हणजे कर्जाच्या मुख्य अटींचा तक्ता, देणे बंधनकारक आहे. त्यात एपीआर, म्हणजे सगळे आकार धरून पडणारा वार्षिक दर असतो, आणि बँकेमार्फत घेतलेला विमा व इतर आकार त्यातच धरलेले असतात. दोन बँकांची तुलना करायची ती एपीआरची. विचार करायला किमान तीन कामकाजाचे दिवस मिळतात. त्या दिवसांत कागद घरी आणा आणि शांतपणे वाचा.

कमावत्या माणसाचा विमा हवाच, फक्त स्वतंत्र मुदत विम्याचा भाव आधी काढा. कर्ज दुसरीकडे नेले तरी तो तुमच्याजवळ राहतो. आणि घराचा विमा विसरू नका. २०२० चे निसर्ग वादळ आणि जुलै २०२१ चा चिपळूणचा पूर यांनंतर कोकणात हे वेगळे सांगायला नको. छप्पर गेले तरी हप्ता थांबत नाही. भारत गृह रक्षा या प्रमाणित पॉलिसीत वादळ आणि पूर दोन्ही येतात. विमा रक्कम बांधकामाच्या खर्चाएवढी ठेवा, जागेची किंमत त्यात धरू नका.

प्रश्न : सावंतवाडीत एके ठिकाणी १० लाख, १० वर्षे, ‘फक्त ७ टक्के’ असे सांगतात. बँकेपेक्षा स्वस्त ना?

व्याज सरळ आहे की घटत्या शिलकीवर, हे विचारा. सरळ असेल तर १० वर्षांचे व्याज ७ लाख, हप्ता १४,१६७, आणि फेडलेल्या मुद्दलावरही व्याज चालूच. घटत्या शिलकीच्या भाषेत तो दर सुमारे ११.७ टक्के होतो. बँकेचे साडेआठ त्याहून बरेच स्वस्त.

प्रश्न : मालवणच्या घराचे कर्ज पुढच्या महिन्यात संपते. ‘नो ड्यूज’ घेतले की झाले?

नाही. मूळ कागद सगळे परत घ्या. कर्ज घेताना दिलेल्या कागदांची यादी तुमच्याजवळ असेल, तिच्यावर एकेक खूण करत जा. पूर्ण फेडीनंतर ३० दिवसांत कागद परत देणे आणि बोजा काढणे बँकेवर बंधनकारक आहे. तिच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. सरसाई या गहाणांच्या केंद्रीय नोंदीतून गहाण काढल्याचेही विचारून घ्या.

घर सातबाराच्या जमिनीवर असेल तर ‘इतर हक्क’ रकान्यात बँकेचा बोजा बसलेला असतो. तो आपोआप उतरत नाही. बँकेचे पत्र जोडून तलाठ्याकडे किंवा ई-हक्क प्रणालीवर बोजा कमी करण्याचा अर्ज द्या. फेरफार नोंद होऊन मंडळ अधिकाऱ्याने प्रमाणित केली की काम झाले. गावठाणात मिळकत पत्रिका असेल तर हाच अर्ज भूमी अभिलेख कार्यालयात. सहहिस्सेदारांची नावे असलेल्या सातबारावर हे राहून गेले तर पुढे वाटपाच्या वेळी सगळ्यांचीच अडवणूक होते. महिन्याभराने १५ रुपये भरून डिजिटल सहीचा ताजा सातबारा काढा आणि तो रकाना कोरा आहे का, स्वतः पाहा.