खिशाकडे गेलेला हात

गंगापूर रोड, नाशिक

चि. … हिस,
अनेक आशीर्वाद.

तुझं स्पर्धेचं भाषण काल रात्री दोनदा वाचलं. सात मिनिटांत अकरा अवतरणं. पेन्सिलीनं खुणा करत मोजली. समर्थ, तुकोबा, बहिणाबाई, कुसुमाग्रज, पु. ल., शिवाय शेक्सपिअर आणि कुणी एक चिनी तत्त्वज्ञ. पंगतीला एवढे पाहुणे बसवलेस की यजमानाला पाट उरला नाही. मधे एकदा ‘मला वाटते’ असं आलंय, तिथं मी सरसावून बसलो, तर पुढच्याच शब्दाला तू कुणाचं तरी बोट धरून निघून गेलीस.

रागावलेलो नाही. माझी स्वतःची फजिती ऐक. नोकरीला लागून दोनच वर्षं झाली होती. स्नेहसंमेलनात माइक हाती आला आणि मी आवाज चढवून म्हणालो, ‘तुकोबा सांगून गेले, केल्याने होत आहे रे, आधी केलेचि पाहिजे!’ टाळ्या कडाडल्या. खाली उतरलो तर धोतर-टोपीतले एक आजोबा वाट पाहत उभे. अगदी हळू आवाजात म्हणाले, ‘गुरुजी, टाकळी इथून हाकेवर आहे. समर्थांनी तिथं बारा वर्षं तप केलं, आणि तुम्ही त्यांचं वाक्य परस्पर देहूला पाठवलंत?’

कानाच्या पाळ्या तापल्या. पण घरी जाताना दुसरंच काही डोक्यात घोळत होतं. नाव चुकलं तरी टाळ्या पडल्याच होत्या. म्हणजे वाक्य मालकाशिवायही चालतं. खरं तर असं चालतं म्हणूनच ते टिकतं. फांदीवरून अलगद सुटून येतं, खिशात मावतं, कुणालाही देता येतं. हे सुटून येणं वाईट नाही, म्हणी अशाच झाल्या. कुणाच्या होत्या, कोण विचारतं? (उलटा प्रकारही आहेच. पु. ल. आणि व. पु. यांच्या नावानं रोज सकाळी फोनवर जे येतं, ते वाचून दोघांनी कपाळाला हात लावला असता.)

पण सुटून येताना काहीतरी मागं राहतं. तुझ्या भाषणातलंच घे. ‘सामर्थ्य आहे चळवळेचे, जो जो करील तयाचे’ इथं तू थांबलीस. दासबोधातली ओवी तिथं थांबत नाही, ‘परंतु तेथें भगवंताचें अधिष्ठान पाहिजे’ असं पुढं आहे. मोर्च्याच्या फलकावर पहिला अर्धा भाग असतो, मंदिराच्या कार्यक्रमात दुसऱ्यावर भर. प्रत्येकानं आपापला घास तोडून घेतलाय. समर्थांचा सगळा जीव त्या ‘परंतु’त आहे, आणि तेवढाच शब्द कुणी उचलत नाही.

‘कुणी घर देता का घर?’ याचंही तेच. आपल्याकडे इंदिरानगरात टू बीएचके शोधणारा प्रत्येक जण हे वाक्य हसत म्हणतो. म्हणू दे, 1970 सालच्या ‘नटसम्राट’ नाटकातलं वाक्य अजून विनोदाला पुरतंय ही काय लहान गोष्ट आहे? पण नाटकातला नट बेलवलकर पुढं स्वतःला तुफान म्हणतो. एका तुफानाला कुणी घर देता का, असं विचारतो. तुफानाला कोण घर देणार? मागणीतच नकार भरलेला आहे. ते ‘तुफान’ गळलं की उरते ती जागेची जाहिरात. शिवाय हे शिरवाडकर, म्हणजे कुसुमाग्रज, बोलत नाहीत, मुलांच्या दारातून बाहेर पडलेला एक म्हातारा नट बोलतोय. तू लिहिलंस, ‘कुसुमाग्रज म्हणतात’. नाही गं. ते त्याच्या तोंडी घालतात. हा फरक भाषणात पाळ.

आता कुसुमाग्रजांची ‘कणा’. पुरात घर गेलेला जुना विद्यार्थी सरांकडे येतो, ती कविता. ती ओळ तू शेवटी घेतलीस, टाळ्यांच्या जागी. ‘पाठीवरती हात ठेवून, फक्त लढ म्हणा.’ 27 फेब्रुवारीला, त्यांच्या वाढदिवशी, नाशकात निम्मे स्पर्धक ही ओळ म्हणतील हे मी आत्ताच सांगतो. चाळीस वर्षं परीक्षक म्हणून बसतोय.

पण दोन शब्द नीट बघ. ‘लढ’ एकेरी आहे, ‘म्हणा’ आदरार्थी. सर त्या मुलाला अरेतुरे करतात, तो सरांना अहोजाहो करतो. जुन्या वर्गातलं सगळं नातं या दोन शब्दांत बसलंय. तो ‘मी लढेन’ म्हणत नाही, ‘मदत करा’ही म्हणत नाही. तुम्ही मला म्हणा, एवढंच मागतो. निवडणुकीच्या फ्लेक्सवर नुसतं ‘लढ’ छापतात तेव्हा ‘म्हणा’ जातं, मागणारा जातो, राहते आज्ञा. आणि त्याच्याही आधी कवितेत एक हात आहे. सरांचा हात खिशाकडे जातो. मग मुलगा हसत उठतो, पैसे नकोत म्हणतो, जरा एकटेपणा वाटला म्हणतो. खिशाकडे गेलेला हात पाठीवर यावा, एवढंच त्या कवितेत घडतं. खिसा काढून टाकलास तर पाठीला अर्थ राहत नाही.

बाहेरगावच्या वाचकाला त्यातली ‘गंगामाई’ ही कवीची कल्पना वाटते. आपण गोदावरीला गंगाच म्हणतो, गंगेवर जाऊन येतो म्हणतो. पाणी दुतोंड्या मारुतीच्या गुडघ्याला लागलं, कमरेला की छातीला, यावरून पूर मोजणारं आपलं गाव. एका पुरानंतर मी भांडी बाजारात गेलो होतो. माझा एक जुना विद्यार्थी दुकानात घोटाभर चिखलात उभा होता. पितळेची पातेली चिखलानं भरलेली, एक एक उचलून उपडी करत होता. प्रत्येक पातेलं उपडं केलं की चिखलाचा अख्खा साचा फदकन खाली पडायचा, तळाचा गोल उमटलेला. मला बघून म्हणाला, ‘सर, चहा घ्याल?’

ओळ माझ्या ओठांवर आली होती. म्हणालो नाही. कवितेतला मुलगा ती मागतो, यानं मागितली नव्हती. यानं चहा विचारला होता. मी चहा घेतला आणि चार पातेली उपडी केली. कंबर आठवडाभर दुखली.

तर अकरापैकी दहा काढ. चिनी तत्त्वज्ञ आधी काढ, ते वाक्य त्यांचं आहे असं तुलाही छातीठोक सांगता येणार नाही. एक वही घाल. ओळ आवडली की ती कुठली, कोण कुणाला कधी म्हणतं, आणि तिच्या आधीचं-नंतरचं काय, एवढं लिही. त्यासाठी सावानात, आपल्या सार्वजनिक वाचनालयात, जाऊन बैस. 1840 पासूनचं वाचनालय गावात असताना फोनवर सुविचार शोधणं म्हणजे गंगेकाठी राहून बाटलीचं पाणी विकत घेणं. तिथं पुस्तक काढशील तेव्हा ओळीच्या शेजारची पानंही वाचली जातील, तीच खरी कमाई.

कुठली एक ठेवायची, ते तू ठरव. पण मला बहिणाबाईंची खुणावते. त्यांना लिहितावाचता येत नव्हतं. शेतात, जात्यावर म्हटलेलं घरच्यांनी कागदावर उतरवलं, आणि पुस्तक आलं 1952 मध्ये, त्या गेल्यावर. तू भाषणात ‘अरे संसार संसार’ची चारही चरणं शाळेच्या पाठांतरासारखी घातलीस. पण मागच्या महिन्यात तूच मला सांगितलं होतंस, तव्यावर हात भाजला की आई ‘आधी हाताला चटके’ म्हणते, बोट नळाखाली धरते आणि तुला पोळ्या उलटायला हाक मारते. ‘तव्हा मिळते भाकर’ ती कधीच म्हणत नाही.

का म्हणत नाही, हे आज तिला विचार. जे सांगेल ते तिच्याच शब्दांत लिहून रविवारी दहाला ये. स्पर्धेला अजून तीन आठवडे आहेत. पेन्सिल मी तासून ठेवतो.

तुझे
सर