विस्मृतीतल्या कवीचा संग्रह : कोणता पाठ धरायचा?

प्रश्न : एका दुर्लक्षित कवीच्या वह्या आणि जुन्या मासिकांतली कात्रणं हाती आली आहेत. एकच कविता तीन ठिकाणी तीन तऱ्हांची आहे. संग्रहात कोणती घ्यावी?

उत्तर : आधी सूची करा. पहिली ओळ, वहीचं पान, मासिकाचा महिना आणि वर्ष. शीर्षकावर विसंबू नका, संपादक ती सर्रास बदलतात. कवीने शेवटचा हात फिरवलेला पाठ, म्हणजे कवितेचं रूप, सहसा मुख्य धरतात, बाकीचे पाठभेद तळटिपेत. पण शेवटचा म्हणजे शेवटी छापलेला नव्हे. त्यात छापखान्यात खिळे जुळवणाऱ्याच्या चुकाही असतात. शंका आली की मात्रा मोजा : ऱ्हस्व अक्षराची एक, दीर्घाच्या दोन. पादाकुलक या वृत्तात ओळीला 16 मात्रा. मधेच 17 भरल्या, तर बघा, कुणीतरी ‘परि’चं ‘परी’ केलेलं असेल. आजच्या नियमांनी शुद्धलेखन सुधारायचा उत्साह नडतो तो इथेच! वृत्तबद्ध कवितेतले ऱ्हस्व-दीर्घ मुळाबरहुकूम ठेवा.

खोडलेला शब्द वाचता येत असेल तर तोही टिपा. सगळं मात्र छापू नका. कच्च्या कविता चांगल्यांना झाकतात.

वारसांची लेखी परवानगी अक्षरजुळणीआधी घ्या. हक्क भावंडांत वाटलेला असेल तर सह्या सगळ्यांच्या हव्यात.