वाचक विचारतात : सूरसागरातले मासे आणि घरचं विसर्जन

प्रश्न : बडोद्याच्या दांडिया बाजारात राहतो. पावसाळा सुरू होताना जवळच्या सूरसागर तलावात कधीकधी मेलेले मासे तरंगतात. कोणी विष टाकतं का?

उत्तर : बहुतेक वेळा विष नसतं, माशांचा श्वास कोंडलेला असतो. हिरव्या पाण्यातलं शेवाळ दिवसा उन्हात प्राणवायू सोडतं आणि रात्री स्वतःच तो वापरतं. म्हणून सूर्योदयाच्या जरा आधी पाण्यात प्राणवायू सर्वांत कमी असतो. दोन-तीन दिवस आभाळ भरून राहिलं की दिवसाची भरपाईही होत नाही. त्यातच जोराची सर आली की रस्त्यावरची घाण तलावात उतरते, वरचं पाणी गार होऊन खाली जातं आणि गाळालगतचं, प्राणवायू संपलेलं पाणी वर येतं. लिटरमागे 5 मिलिग्रॅम प्राणवायू असला की मासे सुखात असतात; 2 च्या खाली गेला की मरायला लागतात.

पहाटे काठावर उभं राहून बघा. मासे तोंड पाण्याबाहेर काढून आ वासत असतील आणि मोठे मासे आधी मरत असतील, तर कारण हेच. भर दुपारी लहान-मोठे सगळे एकदम मेले तर मात्र पाण्याची तपासणी मागायलाच हवी.

सूरसागर चहूबाजूंनी दगडात बांधलेला आहे, वाहता ओढा त्यातून जात नाही. तलाव भरला की जास्तीचं पाणी जमिनीखालच्या दरवाज्यांतून विश्वामित्री नदीत जातं, पण तळाचा गाळ तिथंच राहतो. त्यामुळे माशांना पाव, मुरमुरे, पिठाच्या गोळ्या घालणं कृपा करून थांबवा. उरलेलं सगळं तळाशी कुजतं आणि कुजताना प्राणवायूच खातं. तलावातली कारंजी पाण्यात हवा मिसळतात; ती संध्याकाळी शोभेसाठी चालतात, पण त्यांची खरी गरज मध्यरात्रीपासून उजाडेपर्यंत असते. मागणी करायची तर या वेळेची करा.

प्रश्न : सूरसागराला चंदन तलाव का म्हणत?

उत्तर : ते जुनं नाव. दगडी काठ अठराव्या शतकात बांधले आणि सूरसागर हे नाव रूढ झालं. काठावरच्या संगीत महाविद्यालयामुळे अनेकांना ‘सूर’ गाण्याचे वाटतात, पण ते महाविद्यालय ज्यातून वाढलं ती सयाजीराव महाराजांची गायनशाळा 1886 ची, उस्ताद मौलाबक्षांच्या देखरेखीखाली सुरू झालेली. तलाव तिच्याहून पुष्कळ जुना.

प्रश्न : गणपती घरीच विसर्जित करायचा आहे. मूर्ती विरघळत नाही, काय चुकतं?

उत्तर : आधी मूर्ती कशाची ते पाहा. शाडूची असेल तर हार, दूर्वा, कापड, मणी काढून मूर्ती पूर्ण बुडेल एवढ्या पाण्याच्या बादलीत अलगद ठेवा. ढवळायची घाई करू नका, रात्रभरात ती आपोआप ढासळते. तेलरंगाचा जाड थर असेल तर पाणी आत शिरत नाही, विरघळायला वेळ लागतो तो त्यामुळे. उरलेली शाडू एकटीच कुंडीत घालू नका, वाळून टणक होते आणि मुळं गुदमरतात. एक भाग शाडूला तीन-चार भाग बागेची माती मिसळा.

प्लास्टरची मूर्ती साध्या पाण्यात आठवडाभर ठेवली तरी तशीच राहते. तिला अमोनियम बायकार्बोनेट लागतं. आठ-दहा इंची मूर्तीला सुमारे दोन किलो घ्या, मूर्ती बुडेल एवढ्या पाण्यात ढवळा आणि दर दोन-तीन तासांनी पुन्हा ढवळत राहा. साधारण दोन-तीन दिवस लागतात. अमोनियाचा उग्र वास येतो, म्हणून बादली गच्चीत किंवा अंगणात ठेवा, बंद न्हाणीघरात कधीच नाही. तळाशी चुन्यासारखा साका बसतो. वरच्या पाण्यात अमोनियम सल्फेट म्हणजे खतच असतं. ते भरपूर पाणी घालून पातळ केल्याशिवाय झाडांना देऊ नका, मुळं जळतात. रंग भडक असतील तर तुळशीला किंवा भाजीच्या वाफ्याला अजिबात नको.