त्या कागदावर सही करू नकोस

रात्री तुझा मेसेज वाचला, हॉस्टेलच्या वॉर्डनने सहीसाठी दिलेल्या माफीनाम्याचा फोटोपण झूम करून पाहिला. "माझी दिशाभूल झाली, यापुढे कुठल्याही आंदोलनात भाग घेणार नाही." हे तुझं वाक्य आहे का? मेसमधल्या पोरांचा पगार थकला म्हणून तू आपणहून धरण्याला जाऊन बसली होतीस ना? मग जे मनात नाही त्याच्याखाली सही कशी करशील?

आई रडतेय लिहिलंस. हां, माणूस मोडतो तो इथेच. ग्राम्शीच्या, म्हणजे इटलीतल्या त्या कम्युनिस्ट नेत्याच्या, थिअरीवर अभ्यासवर्गात आपण तासन् तास बोललो, पण त्याच्या आईबद्दल मी कधी बोललोच नाही, चुकलंच माझं. 8 नोव्हेंबर 1926 ला मुसोलिनीच्या पोलिसांनी त्याला रोममध्ये उचललं, खासदार असूनसुद्धा. खटला उभा राहायच्या आधी, मे 1928 मध्ये, त्याने सार्डिनिया बेटावर राहणाऱ्या आईला पत्र लिहिलं की मी राजकीय कैदी आहे, यात लाज वाटावी असं काही नाही, आणि स्वतःची इज्जत राखायची तर पोरांना कधीकधी आईला दुःख द्यावं लागतं. मग शिक्षा झाली, 20 वर्षं 4 महिने 5 दिवस. तूरीच्या तुरुंगात पाठीच्या कण्याचा क्षय, दात पडले, झोप गेली, तरी दयेचा अर्ज केला नाही. 1934 मध्ये सशर्त सुटका मागितली हे खरं, पण ती कायद्यातली तरतूद होती, माझी मतं चुकली असं त्याने कुठेही लिहून दिलं नाही. हा फरक नीट समजून घे, उगाच मान हलवू नकोस.

आणि ती आई डिसेंबर 1932 मध्येच गेली होती. घरच्यांनी त्याला कळू दिलं नाही, 1934 मध्येही तो तिला पत्र लिहीत होता. हे तुझ्यापासून लपवायचं नाहीये मला.

आपल्यातलेच काही जण म्हणतील, टॅक्टिक म्हणून करून टाक सही. त्यांचंही ऐकू नकोस. 1930 मध्ये त्याच्या कम्युनिस्ट पक्षाची लाइन होती की क्रांती तोंडावर आलीय, ग्राम्शीला ते पटेना, तर तुरुंगातले कॉम्रेडच त्याच्यावर उलटले, पण त्यांच्यापुढेही त्याने हो ला हो केलं नाही. मनात नाही तर सही नाही, मग कागद पुढे सरकवणारा कोणी का असेना.

मी केली होती. कंपनीच्या लॉकआऊटचा सातवा महिना, गेटवर टेबल टाकलेलं, बाँडच्या म्हणजे हमीपत्राच्या तीन कॉप्या, मध्ये कार्बन. खालच्या कॉपीवर उठत नव्हतं म्हणून क्लार्क म्हणाला, जोरात दाबा. मी दाबलं. घरात दोन लहान पोरं, बायकोचं ऑपरेशन तोंडावर, दुसरं काय करणार होतो सांग? पोरं शिकली, बायको आज ठणठणीत आहे, त्या सहीमुळेच ना? आजही मी हेच म्हणतो. पण त्यानंतर मीटिंगमध्ये बोलायला उभा राहिलो की ती खालची कॉपी कुठल्यातरी ड्रॉवरमध्ये पडलीय एवढंच डोक्यात यायचं आणि मी खाली बसायचो. रिटायर होईपर्यंत बसतच गेलो. तुला तिशीच्या आत असं बसलेलं मला बघायचं नाहीये.

हॉस्टेल गेलं तर आमच्याकडे पुढची खोली रिकामीच आहे, काकूला सांगून ठेवलंय. वॉर्डनला लेखी उत्तर द्यायचंय ना, मग काय घडलं, तारीख काय, तू काय केलंस एवढंच लिही, दोन ओळी बास, आणि त्याच्याखाली बिनधास्त सही कर. पण आधी आईला फोन कर, दुसऱ्या कोणाकडून कळायच्या आत. मग मला कर, कितीही वाजू दे.